घरात सुटलेला गोरिला आणि तीन येडे डिटेक्टिव्ह : 'स्पूक्स!' (१९५३) बद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सोळाएक मिनिटांची ब्लॅक अँड व्हाइट फिल्म आहे ही, पण तिच्यावरचे प्रश्न काही संपत नाहीत. माझ्याकडे जुन्या कॉमेडी शॉर्ट्स बघायला मित्र, भाचरं, शेजारचे काका असे कोण ना कोण येत असतात आणि 'स्पूक्स!' लावली की तेच तेच प्रश्न ठरलेले, म्हणून म्हटलं एकदाच लिहून ठेवू. काही उत्तरं एका ओळीची आहेत, काही ठिकाणी मी जरा वाहवत गेलोय, चालवून घ्या.

मुळात ही भानगड काय आहे? दोन ओळीत सांग.

अमेरिकेतल्या कोलंबिया पिक्चर्सची, थ्री स्टूजेस ह्या विनोदी त्रिकुटाची शॉर्ट. रिलीज १५ जून १९५३, डायरेक्टर ज्युल्स व्हाइट. मो, लॅरी आणि शेम्प हे तिघं प्रायव्हेट डिटेक्टिव्ह, एका माणसाची मुलगी पळवून नेलीये, तिला शोधायला हे निघतात, वेष घेतात दारोदार पाय विकणाऱ्यांचा, आणि जाऊन पोचतात एका भयाण घरात जिथं एक माथेफिरू सायंटिस्ट त्या मुलीचा मेंदू काढून गोरिलाच्या डोक्यात बसवायच्या तयारीत आहे. मग तो गोरिला सुटतो आणि घरभर पळापळ. दोन ओळी म्हणाला होतात, जास्त झाल्या.

पाय विकतात?? कुणाचे पाय?

हा प्रश्न माझ्या भाचीने विचारला होता आणि ती आठवीत होती, त्यामुळे हसू नका. खायचा पाय. खाली मैद्याची पारी, आत फळं नाहीतर क्रीम. पण जुन्या अमेरिकन कॉमेडीत हा पदार्थ खायला कमी आणि समोरच्याच्या थोबाडावर मारायला जास्त वापरतात. तिघांच्या हातात पाय दिसले की समजायचं, हे शेवटी कुणाच्यातरी तोंडावर जाणार. लक्षात ठेवा, पुढं लागेल.

नाव 'स्पूक्स!' आणि भूत एकही नाही, हे काय?

नाहीच आहे. अंधारं घर, कवटी, वटवाघूळ, प्रयोगशाळा असा भुताचा सगळा माल भरलाय, फक्त भूत नाही. त्यावेळच्या बहुतेक शॉर्ट्सची हीच रीत होती, पोस्टरवर भूत आणि आत चोर नाहीतर गोरिला. वटवाघूळ मात्र बघाच, त्याला शेम्पचं तोंड आहे. का आहे, कशासाठी आहे, काही एक्सप्लेन करत नाहीत, आणि ते पडदाभर उडत तुमच्या अंगावर येतं. मला अख्ख्या फिल्ममधलं सगळ्यात आवडतं ते हेच.

राक्षस म्हणून गोरिलाच का? ड्रॅक्युला, फ्रँकेन्स्टाइनवाला नाही का घेता आला?

तो सगळा युनिव्हर्सल स्टुडिओचा माल, कोलंबियाने त्याला हात लावायचं काही कारण नव्हतं. गोरिला कुणाच्या बापाचा नाही. आणि मुख्य म्हणजे स्वस्त. हॉलिवूडमध्ये तेव्हा काही लोकांचा धंदाच हा होता, स्वतःच्या मालकीचा गोरिला सूट ठेवायचा आणि सूटसकट कामाला जायचं, म्हणजे आपल्याकडे बँडवाला स्वतःचा ढोल घेऊन येतो तसं. चार्ल्स गेमोरा म्हणून मूळचा फिलिपिन्सचा मेकअप आर्टिस्ट होता, तो ह्यातला बादशहा, लॉरेल-हार्डीच्या 'द चिंप' (१९३२) आणि 'स्विस मिस' (१९३८) मध्ये आत तोच आहे. दुसरा रे 'क्रॅश' कॉरिगन, हा एरवी काऊबॉय सिनेमातला हीरो. त्याच्याकडून सूट विकत घेतले स्टीव्ह कॅल्व्हर्टने, आणि 'स्पूक्स!' मधला गोरिला म्हणजे हा कॅल्व्हर्ट.

आता लोक म्हणतात सूट आहे हे कळतं की. अहो कळणारच. आणि मला वाटतं कळलेलंच बरं, कारण खरा गोरिला असता तर माणूस शेम्पसाठी घाबरला असता, हसला नसता. सूटमधला गोरिला जरा माणसासारखा विचार करतो, थांबतो, वळून बघतो, आणि कॉमेडीला तेच लागतं.

डॉक्टर जेकिल आणि मिस्टर हाइड हे एकच ना? इथं दोघं कसे?

स्टीव्हन्सनच्या १८८६ च्या गोष्टीत एकच माणूस, बरोबर. इथं जेकिल हा सायंटिस्ट आणि हाइड त्याचा दांडगा असिस्टंट, दोन वेगळे इसम. जोक एवढाच. मोठा नाहीये.

जेकिलचं काम केलंय फिलिप व्हॅन झँटने. गंमत सांगतो, 'सिटिझन केन' मध्ये (१९४१) अंधाऱ्या खोलीत बसून रिपोर्टरला 'रोझबड म्हणजे काय ते शोधून काढ' सांगणारा न्यूजरीलचा साहेब आठवतो का? तोच हा. बारा वर्षांनी माणूस गोरिलाला मेंदू बसवतोय. पोटापाण्याला कुठं कुठं जावं लागतं बघा. हाइड म्हणजे टॉम केनेडी.

सारखं सगळं कॅमेऱ्याकडे का फेकतायत? डायरेक्टरला काय झालं होतं?

थ्रीडी झालं होतं. सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हा, आणि ह्याचं उत्तर कळलं की अर्धी फिल्म उलगडते म्हणून जरा निवांत सांगतो.

१९५० च्या आसपास अमेरिकेत घरोघरी टीव्ही आले आणि थिएटरं ओस पडायला लागली. नोव्हेंबर १९५२ मध्ये 'ब्वाना डेव्हिल' नावाचा थ्रीडी सिनेमा आला, सिनेमा म्हणून यथातथाच पण लोकांच्या रांगा लागल्या, झालं, सगळे स्टुडिओ थ्रीडीमागे धावत सुटले. एप्रिल १९५३ मध्ये कोलंबियाने 'मॅन इन द डार्क' घाईघाईत उभा केला, दोन दिवसांनी वॉर्नरचा 'हाऊस ऑफ वॅक्स' आला (त्याच्या डायरेक्टरला एकच डोळा होता, त्याला स्वतःला थ्रीडी दिसायचंच नाही, हे खरंय). मग कोलंबियाने आपल्या घरच्या स्टूजेसना पण त्यात ओढलं. 'स्पूक्स!' पहिली आणि १५ ऑगस्टला 'पार्डन माय बॅकफायर' दुसरी. दोनच. तोपर्यंत लाट ओसरायला लागली होती.

तर पडद्यावर इंजेक्शनची सुई, मो एरवी बाकीच्या दोघांच्या डोळ्यात घालतो ती दोन बोटं, पाय, वटवाघूळ, जे काय तुमच्या नाकासमोर येऊन थांबतं ते सगळं चष्मा लावून बसलेल्या माणसासाठी केलेलं आहे. आपण मोबाइलवर चपटं बघतो तेव्हा वाटतं हा मो मध्येच कॅमेऱ्यात बोटं का घालतोय. थिएटरातल्या पोराला ती बोटं स्वतःच्या डोळ्यात येताना दिसत होती. आजवर जे लॅरीला आणि शेम्पला सोसावं लागत होतं ते पहिल्यांदा प्रेक्षकाला सोसायला लावलंय, खरी आयडिया ही आहे. साधी आहे, पण थ्रीडीवाल्या बऱ्याच मोठ्या सिनेमांना एवढं पण सुचलं नव्हतं.

म्हणजे तो लाल-निळा कागदी चष्मा ना?

नाही! हा गैरसमज माझाही होता. थिएटरात तेव्हा पोलराइड चष्मे होते, दिसायला साधारण करड्या काचांचे. आपल्याकडे 'छोटा चेतन' बघायला जे चष्मे द्यायचे आणि जाताना परत घ्यायचे त्याच जातीचे. शूटिंगला दोन कॅमेरे, डाव्या डोळ्याची एक फिल्म, उजव्या डोळ्याची एक, आणि थिएटरात दोन प्रोजेक्टर एकदम चालवायचे, समोर चंदेरी पडदा. साधा पांढरा पडदा चालत नाही, त्याच्यावर पडलं की पोलराइज झालेला उजेड परत विस्कटतो.

आता ह्यात ऑपरेटरचे हाल. एरवी एक रीळ संपलं की दुसरा प्रोजेक्टर चालू करायचा, पण इथं दोन्ही आधीच बिझी, म्हणून मोठ्या सिनेमात मध्ये इंटरव्हल घेऊनच रिळं बदलावी लागायची. आणि एका बाजूची फिल्म तुटली, चार फ्रेम कापून जोडली, तर दुसऱ्या बाजूच्या पण त्याच चार कापायच्या, नाहीतर दोन डोळ्यांना दोन वेगळ्या वेळचं चित्र आणि पब्लिकचं डोकं ठणकतंय. थ्रीडीचं नाव खराब झालं त्यात ह्या असल्या ढिसाळ प्रोजेक्शनचा मोठा हात होता.

लाल-निळ्याचा घोळ नंतर झाला. सोनीने २००९ मध्ये स्टूजेसच्या डीव्हीडीचा सातवा सेट काढला त्यात ह्या दोन्ही शॉर्ट्स लाल-निळ्या पद्धतीत दिल्या आणि सोबत कागदी चष्मे टाकले, त्यामुळे लोकांना वाटतं मूळचंच तसं होतं.

चष्मा नसेल तर बघण्यात अर्थ आहे का?

आहे. पण मनातल्या मनात चष्मा लावून बघा. एखादी गोष्ट विनाकारण जवळ आली की 'हां, इथं थिएटरात किंचाळले असणार' असं म्हणायचं. माझे शेजारचे काका तर प्रत्येक वेळी मान मागं घेतात, चपट्यात पण.

तो टकला जाड्या कुठंय? त्याच्याशिवाय काय मजा?

आला का हा प्रश्न. येतोच.

तो कर्ली. खरं नाव जेरोम हॉरविट्झ, मो आणि शेम्पचा सख्खा धाकटा भाऊ. मे १९४६ मध्ये सेटवरच त्याला स्ट्रोक आला, परत उभा राहिलाच नाही म्हणा, जानेवारी १९५२ मध्ये गेला. त्याच्या जागी शेम्प आला. पण लोक समजतात तसा शेम्प हा बदली कामगार नव्हे, उलट १९२० च्या दशकात स्टेजवर मोबरोबर आधी शेम्पच होता, १९३२ मध्ये तो सोडून गेला म्हणून कर्लीला घेतलं होतं. म्हणजे मोठा भाऊ आपल्याच जुन्या जागेवर परत आला, ते पण धाकटा बरा होईपर्यंत असं ठरवून, आणि तो बरा झालाच नाही. शेम्प हे नाव कसं पडलं माहितीये? नाव सॅम्युअल, आईच्या बोलण्यात 'सॅम' चं 'शेम्प' व्हायचं, तेच चिकटलं.

आता माझं मत, पटलं तर बघा. इतर ठिकाणी कर्ली भारी, वादच नाही. पण घरात कायतरी सुटलंय असल्या गोष्टीत शेम्पच पाहिजे. कर्ली घाबरतो तो लहान पोरासारखा, वूब-वूब करतो, जमिनीवर गोल फिरतो, आणि दोन मिनिटांत विसरतो. शेम्प घाबरतो तो पन्नाशी ओलांडलेल्या माणसासारखा, त्याला सगळं आधीच माहितीये की हे वाईट होणार आहे. ते मधोमध भांग पाडून चोपून बसवलेले केस तोंडावर येतात, घशातून ईब-ईब-ईब असा बारीक आवाज निघतो, आणि पाय जागेवर. आणि हे सगळं नुसतं नाटक नव्हतं, शेम्प खऱ्या आयुष्यात पण भित्रा म्हणून प्रसिद्ध होता, कुत्र्याला घाबरायचा, गाडी चालवायला घाबरायचा, पाण्याला घाबरायचा. असल्या माणसाला गोरिलासमोर उभं केलं की डायलॉग लागतच नाहीत.

शेम्प नोव्हेंबर १९५५ मध्ये गेला. त्यानंतरच्या चार शॉर्ट्समध्ये जुनं फुटेज आणि जो पाल्मा नावाचा पाठमोरा नट वापरून त्याला जिवंत ठेवलंय. 'हा माणूस सारखा पाठमोरा का उभा आहे' असं एखाद्या शॉर्टमध्ये वाटलं तर ते हे. 'स्पूक्स!' मध्ये मात्र खरा शेम्प आहे, काळजी नको.

ते खरंच मारतात का एकमेकांना? डोळ्यात बोटं?

डोळ्यात नाही, भुवईच्या हाडावर. बाकी काम आवाजाचं, बोटं लागली की तार छेडल्यासारखा 'टिंग' येतो आणि आपल्या डोळ्यात पाणी. मोच्या सांगण्याप्रमाणे ही बोटांची आयडिया पत्त्यांच्या डावातली, शेम्पला वाटलं लॅरी चीटिंग करतोय, उठला आणि सरळ लॅरीच्या डोळ्यात बोटं घातली, मो हसून हसून लोळला आणि मग ते ॲक्टमध्येच घेतलं. थपडा मात्र बऱ्याच खऱ्या असायच्या. लॅरीचा गाल बघा कधी.

एवढीच का? अजून एक तास चालली असती की.

नसती चालली. खरं सांगू का, सोळा मिनिटांत पण मधला एक भाग लांबलाय. लांबी ठरलेलीच असायची, टू-रीलर म्हणतात ती, साधारण हजार फुटांची दोन रिळं, एकेक जेमतेम अकरा मिनिटांचं. तिकीट काढलं की न्यूजरील, कार्टून, अशी एखादी शॉर्ट आणि मग मोठा सिनेमा. १९३४ ते १९५९ मध्ये स्टूजेसनी कोलंबियासाठी अशा १९० केल्या. इतक्या काढायच्या म्हटल्यावर आयडिया फिरून फिरून त्याच, १९५० नंतर तर जुन्या शॉर्टचे तुकडे नवीन शॉर्टमध्ये सर्रास चिकटवायचे. 'द हॉट स्कॉट्स' (१९४८) आणि 'स्कॉच्ड इन स्कॉटलंड' (१९५४) पाठोपाठ बघा, आपण मघाशी हेच बघितलं ना असं वाटेल, कारण बघितलंच असतं. 'स्पूक्स!' ला हे करता आलं नाही. जुनं फुटेज सगळं एका कॅमेऱ्याचं, थ्रीडीला दोन लागतात. त्यामुळे नाइलाजाने का होईना सगळं नवीन शूट झालं, थ्रीडीचा मला वाटतो तो सगळ्यात मोठा फायदा हाच.

भयाण घर आणि आत पळापळ ही आयडिया ह्यांचीच का?

छे, खूप जुनी. न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर १९२० ला 'द बॅट', १९२२ ला 'द कॅट अँड द कॅनरी', १९२५ ला चक्क 'द गोरिला' नावाचं नाटक, सगळ्यात अंधारं घर, सरकत्या भिंती, मृत्युपत्र आणि किंचाळणारी माणसं. सायलेंट कॉमेडीवाल्यांनी ते लगेच उचललं.

बस्टर कीटनची 'द हाँटेड हाऊस' (१९२१) बघा, त्यातला जिना भन्नाट आहे, माणूस वर चढला की पायऱ्या आडव्या होतात आणि सरळ घसरगुंडी. कीटन त्यावरून इतक्या वेळा खाली येतो की शेवटी आपणच आधी हसतो. हॅरल्ड लॉइडची 'हाँटेड स्पूक्स' (१९२०) पण आहे, तिच्या शूटिंगच्या काळात एका फोटोसेशनला खोटा समजून हातात घेतलेला बाँब खरा निघाला, लॉइडच्या उजव्या हाताचा अंगठा आणि त्याच्या शेजारचं बोट गेलं. काही महिने घरी बसला आणि परत येऊन तीच शॉर्ट पूर्ण केली. पुढं आयुष्यभर पडद्यावर तो हातमोजा घालायचा. घड्याळाला लटकतो ना तो 'सेफ्टी लास्ट' मध्ये, तो ह्या अपघातानंतरचा. परत बघा आता.

अजून अशाच कुठल्या बघू?

स्टूजेसच्याच 'आयडल रूमर्स' (१९४४) पासून सुरुवात करा, घराऐवजी हॉटेल, गोरिलाऐवजी लांडगामाणूस, आणि संगीत ऐकलं की तो पिसाळतो. कर्ली आहे, तुमचीही सोय. मग 'हू डन इट?' (१९४९), ती शेम्पची. तिचा मूळ प्लॉट खरं तर कर्ली असतानाच लिहिला होता, त्याला स्ट्रोक आला म्हणून दुसऱ्याच जोडीला घेऊन 'पार्डन माय टेरर' (१९४६) उरकली आणि नंतर स्टूजेसनी आपली परत घेतली. लॉरेल-हार्डीची 'मर्डर केस' (१९३०) पण आहे, संथ वाटेल, पण पावसातलं ते घर मस्त. तेव्हा डबिंग नव्हतं म्हणून तीच गोष्ट ह्या दोघांनी स्पॅनिश, जर्मन, फ्रेंचमध्ये पण परत परत केली, भाषा न येता!

लहान मुलांना दाखवू का?

'स्पूक्स!' दाखवा, सहा-सातच्या पुढं. बांधलेली मुलगी, मोठी सुई हे आहे, पण रक्त नाही. दाखवल्यावर आठवडाभर घरात कुणी कुणाच्या डोळ्यात बोटं घालणार नाही ह्याची जबाबदारी तुमची. आधीच्या काळातल्या काही शॉर्ट्स मात्र स्वतः बघून मगच लावा. लॉइडच्या त्या शॉर्टमध्ये काळ्या नोकरांना घाबरवून घाबरवून हशा काढलाय, डोळे फिरवणं, थरथरणं, आज बघताना कसंतरीच होतं. ह्या प्रकारच्या कॉमेडीत ते बराच काळ चालत होतं, लपवून काही उपयोग नाही, मुलं मोठी असतील तर बोला त्यावर.

फुकट डाऊनलोड मिळेल ना? एवढी जुनी आहे.

जुनी आहे म्हणजे फुकट झाली असं नसतं. स्टूजेसच्या १९० पैकी चारच शॉर्ट्स अमेरिकेत कॉपीराइटमधून सुटल्यात, ही त्यात नाही, हिचे हक्क सोनीकडे. थ्रीडीत बघायची असेल तर 'द मॅड मॅजिशियन' ह्या सिनेमाच्या ट्वायलाइट टाइमवाल्या ब्लू-रेवर स्टूजेसच्या दोन्ही थ्रीडी शॉर्ट्स आहेत. कीटन आणि लॉइडच्या त्या दोन मात्र अमेरिकेत खुल्या आहेत.

आपल्या मराठीत असं काही आहे का?

घरात सुटलेलं काहीतरी आणि घाबरणारा विनोदी माणूस? 'झपाटलेला' (१९९३) की! तात्या विंचूचा बाहुला आणि समोर लक्ष्या. शेम्प आवडला नाही असं म्हणणाऱ्यांना मी नेहमी सांगतो, लक्ष्याची घाबरगुंडी डोळ्यासमोर आणा, तोंडातून शब्द फुटत नाही, डोळे बाहेर, आणि मागचा माणूस विचारतोय काय झालं रे. तो जो प्रकार आहे ना, शेम्प त्याच घराण्यातला. आणि योग बघा, महेश कोठारेंनी २०१३ मध्ये 'झपाटलेला २' काढला तो थ्रीडीत.

आमच्याकडे लाइट गेली, शेवट राहिला. काय होतं सांग ना.

गोरिलाच्या हाताला ते पाय लागतात. पुढचं लाइट आल्यावर बघा, चष्मा असेल तर पुसून ठेवा.